घडीखोलीतलं पाच वर्षांचं धोरण

माझ्या मावशीसमोर उभं राहून कुणी फळ्यावर बाण काढायला लागलं, की मला आधी त्या बिचाऱ्या माणसाची काळजी वाटते. बाण संपेपर्यंत ती गप्प बसते, अगदी शहाण्यासारखी. मग हात कमरेवर ठेवते आणि विचारते, "बरं. मग मी काय करू?" इतकंच. पण हा प्रश्न ऐकून चांगल्या चांगल्या माणसांना घाम फुटलेला मी पाहिलाय.

मावशी आमच्या लॉन्ड्रीतल्या घडीखोलीची मुख्य. मी त्याच लॉन्ड्रीत पुढच्या खोलीत फोन घेते, म्हणजे दिवसभर तिचा आवाज भिंतीतून आणि लोकांच्या तक्रारी फोनमधून असं दोन्ही कानांनी ऐकते. घडीखोली म्हणजे एक लांबलचक टेबल, वर दोन पंखे, तीन बाजूंना खिडक्या, आणि धुऊन वाळून आलेल्या चादरी, पडदे, टेबलक्लॉथ यांचे डोंगर. टेबलाभोवती पाच बायका. त्यांच्यात मावशी उंचीनं सगळ्यात लहान आणि आवाजानं सगळ्यात मोठी. पाठीमागे तिला सगळे 'फौजदार' म्हणतात. तिला ते माहीत आहे, आणि मनातून आवडतंही, पण तोंडावर म्हणून बघा म्हणजे कळेल!

आता तुम्हाला वाटेल, ही फार हुशार, सगळं बरोबर ओळखणारी वगैरे. छे हो. निम्म्या वेळा ती बरोबर असते आणि उरलेल्या निम्म्या वेळा नुसती मोठ्यानं असते. तिच्या डोळ्यांचंच घ्या. दोन वर्षं झाली, तिला लांबचं दिसत नाही. रस्त्यात परक्या माणसाला हात करते, आणि सख्ख्या नणंदेच्या समोरून तरातरा निघून जाते. काकांनी, म्हणजे तिच्या नवऱ्यानं, एकदा फक्त "चष्मा" हा शब्द उच्चारला. त्यावर तीन दिवस घरात अबोला. "माझे डोळे उत्तम आहेत," ती म्हणाली, "हल्ली लोकांचे चेहरेच धड नसतात." तेव्हापासून तिच्या डोळ्यांबद्दल बोलायचं नाही, असा घरात आणि घडीखोलीत कानाला खडा.

तर अशा या मावशीसमोर धाकटे मालक एका सकाळी फळा घेऊन उभे राहिले.

धाकटे मालक कुठल्याशा शिबिराला जाऊन आले होते. जाताना माणूस बरा होता. येताना धोरण घेऊन आले. "येत्या पाच वर्षांत आपण शहरातल्या प्रत्येक रुग्णालयाचा पहिला विश्वास होणार," असं त्यांनी फळ्यावर लिहिलं, खाली 'वेग', 'दर्जा', 'विस्तार' लिहिलं आणि एकाकडून दुसऱ्याकडे इतके बाण काढले, की शेवटी आपण नक्की निघालो कुठून तेच कळेना.

पण गंमत बाजूला ठेवा, माणूस घाबरलेला होता, आणि ते त्यानं लपवलं नाही. थोरल्या मालकांनी, म्हणजे त्यांच्या वडिलांनी, निर्वाणीचं सांगितलं होतं. घरगुती कपड्यांवर लॉन्ड्री चालत नाही. वर्षअखेरपर्यंत मोठ्या रुग्णालयाचं काम मिळालं तर ठीक, नाहीतर जागा शेजारच्या गोदामवाल्याला विकून मोकळं व्हायचं. रुग्णालयानं एका मजल्याचं काम महिनाभर करून दाखवा म्हणून दिलं होतं. पटलं तर सगळे मजले, नाही पटलं तर नमस्कार.

अठ्ठावीस वर्षं मावशी या टेबलाशी उभी आहे. लग्न झाल्यावर दुसऱ्याच आठवड्यात आली होती. तिनं हात कमरेवर ठेवले.

"बरं मालक. मग उद्या सकाळी मी काय करू?"

"विश्वास निर्माण करायचा, मावशी."

"तो कुठल्या हातानं करू? उजव्या की डाव्या?"

धाकट्या मालकांनी फळ्याकडे पाहिलं. फळा काही बोलला नाही.

मग मावशीनं स्वतःच धोरण राबवायला घेतलं आणि आठवडाभर आमची जी वरात निघाली, ती विचारू नका. पहिल्यांदा तिनं 'वेग' धरला. "पळा गं पळा!" करत बायकांच्या दोन बाजूंमध्ये शर्यत लावली. डोंगर भराभर उतरले, मावशी खूश! दुसऱ्या दिवशी माझा फोन थांबेना. एका वकिलांचा काळा कोट शाळेच्या पडद्यांबरोबर रंगमंचावर टांगला गेला होता. वकीलसाहेब फोनवर म्हणाले, "मी कोर्टात कशात जाऊ? पडद्यात?" मी त्यांची माफी मागत होते आणि टेबलाखाली पाय आपटून आपटून हसत होते.

मग तिनं 'दर्जा' धरला. आता एकेका चादरीवर इतका वेळ, की दुपारपर्यंत टेबलावर चार चादरी आणि पाच बायका. धाकटे मालक दारात आले, पाहिलं आणि आल्या पावली परत गेले. 'विस्तार' तिनं करून पाहिला नाही, हे आमचं नशीब.

पण मावशीचं एक आहे, हरली की ती गप्प बसत नाही, चिडते. आणि चिडली की उठून चालू लागते. तिनं पदर खोचला, धाकट्या मालकांच्या खोलीत गेली. "चला," म्हणाली, "आपली चादर जिथं जाते तिथं जाऊन बघू. तुम्हाला कळत नाही, मला कळत नाही, तिथं तरी कुणाला कळत असेल."

मलाही ओढलं. रुग्णालयात मेट्रनबाई भेटल्या. उंच, शांत, आणि इतक्या गंभीर, की त्यांच्याशी बोलताना आपोआप ताठ उभं राहावंसं वाटे. मावशीनं नेहमीचा प्रश्न टाकला, "आम्ही काय केलं तर तुमचं भलं होईल?"

मेट्रनबाईंनी मालकांना खालपासून वरपर्यंत पाहिलं. "तुम्ही झोपा," म्हणाल्या.

"मी?"

"रुग्ण म्हणून. त्या रिकाम्या पलंगावर. हलायचं नाही, तुमचं आजच पोटाचं ऑपरेशन झालंय."

धाकटे मालक बूट काढून झोपले. एक नर्स आली. तिनं त्यांना कुशीवर वळवून एका हातानं धरून ठेवलं, आणि दुसऱ्या हातानं ती आमच्या लॉन्ड्रीची घडी उलगडायला गेली. घडी उलगडेना. झटकली तर उलटी उघडली. फिरवली तर आडवी निघाली. उशाकडची बाजू पायाशी आली. तेवढ्यात मालक कडेला घसरले आणि "अगं आई गं!" ओरडले. "ऑपरेशन झालेला माणूस असाच ओरडतो," मेट्रनबाई म्हणाल्या. मी भिंतीकडे तोंड करून उभी राहिले, कारण हसले असते तर नोकरी गेली असती. मावशी मात्र हसत नव्हती. ती पलंगाजवळ जाऊन त्या नर्सच्या हाताकडे टक लावून बघत होती.

"हिला एकच हात आहे," ती म्हणाली. "दुसरा हात माणसात गुंतलेला. आणि आम्ही बसलोय दोन हातांनी उघडायच्या घड्या घालत!"

परत येताना रिक्षात ती आणि मालक दोघं एकाच वेळी बोलत होते. मालक म्हणत होते, विश्वास म्हणजे हेच. मावशी म्हणत होती, विश्वासाचं राहू द्या, उशाकडची कड बाहेर ठेवायची आणि एका ओढीत उघडेल अशी घडी घालायची. मालक म्हणाले, अहो तेच ते! मग दोघं भांडले, की नक्की कोणाला आधी सुचलं. खरं सांगायचं तर दोघांपैकी एकट्याला ते जन्मात सुचलं नसतं.

दुसऱ्या दिवसापासून नवी घडी सुरू झाली. तिच्याबरोबर एक नियमही आला, तो मालकांनी सुचवला. चादरीत फाटकं, डागाळलेलं किंवा नको ते काही दिसलं, नुसता संशय आला तरी, ज्याला दिसलं त्यानं "थांब!" म्हणून ओरडायचं. ओरडल्यावर सगळ्यांनी हात थांबवायचे, आणि बघितल्याशिवाय पुढे जायचं नाही. ओरडणाऱ्याला कुणीही, अगदी कुणीही, बोल लावायचा नाही.

अहो, काय सांगू! बायकांना जन्मात पहिल्यांदा कामावर ओरडायची परवानगी मिळाली होती. पहिल्या दिवशी इतके "थांब!" झाले, की बाहेर आमचा चादरी पोचवणारा गाडीवाला सारखा ब्रेक मारत होता. मावशी तर नियम घरी घेऊन गेली. काका घास तोंडाशी नेतायत तोवर, "थांब!" काकांचा हात हवेत. घासात केस होता. काका माझ्याकडे बघून म्हणाले, "हा नियम आमच्या लग्नात असता, तर मीसुद्धा एकदा ओरडलो असतो." मावशीनं त्यांच्या पाठीत धपाटा घातला आणि स्वतःच खळखळून हसली. त्या दिवसांत ती भलतीच खुशीत होती. रस्त्यानं चालताना गाणं म्हणायची. सूर कुठे, ताल कुठे, पण म्हणायची!

फक्त एकीचं तोंड उघडत नव्हतं. टेबलाच्या टोकाला उभी राहणारी बाई, तिला सगळे 'अबोली' म्हणायचे, कारण ती बोलतच नसे. जाड भिंगांचा चष्मा, खाली मान, आणि हाताला मात्र भारी सफाई. फाटकी चादर दिसली की ती न बोलता शेजारणीच्या कोपराला हात लावायची, मग शेजारीण ओरडायची. मावशी तिच्यावर वैतागायची. "अगं, तोंड दिलंय ना देवानं? महिनाभरात एकदा तरी ओरड!" अबोली आणखी खाली बघायची.

महिन्याचा शेवटचा दिवस आला. मेट्रनबाई स्वतः लॉन्ड्री बघायला यायच्या होत्या, आणि त्यांच्या डोळ्यांदेखतच त्या दिवसाच्या चादरी गाडीतून रुग्णालयात जायच्या होत्या. धाकटे मालक सकाळपासून तीन वेळा तोंड धुऊन आले होते. मावशी तर पहाटेच हजर. मी चहा घेऊन घडीखोलीत गेले आणि पाहते तर काय, मावशीच्या नाकावर चष्मा!

मी कप खाली ठेवला. दुसऱ्या बाईनं माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे पाहिलं. तिसरीनं डोळ्यांनी खूण केली, गप्प! आम्हा सगळ्यांना वाटलं, बाईनं अखेर चष्मा घेतला वाटतं. आता कौतुक करायला गेलं तर काढून फेकून देईल. त्यापेक्षा दिसतच नाही असं दाखवा. मावशी मात्र समोरच्या खिडकीतून लांबच्या दोरीवरचे पडदे बघत होती आणि हरखून म्हणत होती, "किती स्वच्छ निघालेत गं आज!" पडदे रोजच्यासारखेच होते.

मेट्रनबाई आल्या, फिरल्या, सगळं बघून झालं. गठ्ठे बांधून झाले, गाडीत चढले. मालक त्यांना घेऊन अंगणात आले. गाडीवाल्यानं गाडी सुरू केली, फाटकाकडे वळवली.

"थांब!"

असा आवाज मी कधी ऐकला नव्हता. चिरका, मोठा, थेट पोटातून आलेला. गाडीवाल्यानं ब्रेक मारला. सगळ्यांनी वळून पाहिलं. दारात अबोली उभी होती, दोन्ही हातांनी चौकट धरून.

"माझा चष्मा," ती म्हणाली. "मी वाफ पुसायला काढून टेबलावर ठेवला होता. तो नाही. सकाळपासून चाचपडत शोधतेय, कुठेच नाही. चादरीत गेला असेल. काच फुटली आणि कुणाच्या पाठीखाली गेली तर... नुकतंच कापलेलं माणूस असेल ते."

मालकांच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. गाडी वेळेवर गेली नाही, तर महिन्याची मेहनत पाण्यात. आणि गाडी भरलेली, गठ्ठा कोणता, चादर कोणती, कुणाला ठाऊक? मेट्रनबाई घड्याळाकडे नव्हत्या बघत. त्या मालकांकडे बघत होत्या. मालकांनी एकदा फाटकाकडे पाहिलं, एकदा अबोलीकडे. मला वाटलं, आता म्हणतील, जाऊ दे, दुपारी बघू. मी तरी काय म्हटलं असतं देव जाणे.

"उतरवा," मालक म्हणाले. "सगळे गठ्ठे."

आणि मग जे सुरू झालं! मावशी गाडीवर चढली आणि गठ्ठे खाली देऊ लागली. "जमिनीला लावाल तर याद राखा!" आम्ही दोघादोघांनी मिळून एकेक चादर धरायची, उलगडायची, झटकायची. वारा सुटलेला. चादरी फडफडून अंगणभर उभ्या राहिल्या. गाडीवाला एका चादरीत असा गुरफटला, की त्याला सोडवायला दुसरी माणसं लागली. मालक आणि मेट्रनबाई एका चादरीची दोन टोकं धरून उभे, आणि मावशी वरून मेट्रनबाईंना ओरडतेय, "अहो, ताठ धरा, ताठ! झोळी नाही ती!" फाटकाबाहेर बघे जमले. "काय हरवलंय?" "चष्मा!" "मग चष्मा लावून शोधा की!" सगळे हसले. मलाही हसू आवरेना, डोळ्यांत पाणी आलं. चादरीमागून चादर, आणि चष्मा काही निघेना.

आणि मग माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मी वर पाहिलं.

मावशी गाडीत शेवटच्या गठ्ठ्यावर वाकली होती. तिचा हात नाकाकडे गेला आणि तिथंच राहिला. तिचा चेहरा मला दिसत होता. तिला कळलं होतं. अबोलीचा चष्मा ती अधूनमधून गुपचूप डोळ्यांना लावून बघायची, हे मला नंतर कळलं. त्या सकाळी लावला, जग स्वच्छ दिसलं, आणि बाई काढायची विसरून गेली! बाकीच्यांची तोंडं चादरीत होती. अबोलीला बिचारीला चष्म्याशिवाय चार हातांवरचंही दिसत नव्हतं. मावशीनं नुसता तो काढून हातातल्या चादरीत सरकवला असता, "सापडला गं!" म्हटलं असतं, तर संपलं. तिचा मान राहिला असता. अबोलीची शंका खरी ठरली असती. मेट्रनबाईंनाही पटलं असतं, की बरं झालं गाडी थांबवली. आणि खरं सांगितलं तर? एवढी गाडी उतरवली ती कशासाठी, तर घडीखोलीच्या मुख्य बाईनं दुसरीचा चष्मा नाकावर चढवला म्हणून! असल्या लोकांना कोण आपलं रुग्णालय देईल?

मी मनात म्हटलं, सरकव, मावशी, सरकव.

"थांब!" मावशी ओरडली.

फडफडणाऱ्या चादरी धरून सगळे उभे राहिले. मावशी गाडीच्या कडेला आली. लाल झाली होती नुसती.

"चष्मा माझ्या नाकावर आहे," ती म्हणाली. "सकाळपासून. मला लांबचं दिसत नाही. दोन वर्षं झाली."

कुठूनतरी एक आवाज आला, फुसफुस असा. मेट्रनबाई! चादरीत तोंड खुपसून हसत होत्या. खांदे गदगदत होते. ते पाहून गाडीवाला फुटला, मग बायका, मग मालक, मग फाटकाबाहेरचे बघे. मावशी वर उभी, रडू की हसू अशी, आणि मग तीही हसायला लागली, गाडीच्या लाकडी कडेला धरून, खाली बसून, अगदी पोट धरून. फक्त अबोली हसत नव्हती. तिनं लॉन्ड्री बुडवली, असं तिला वाटत होतं. तिचे गाल ओले झाले होते.

मावशी खाली उतरली आणि चष्मा स्वतःच्या हातानं तिच्या डोळ्यांना लावला.

मेट्रनबाईंनी डोळे पुसले आणि अबोलीजवळ आल्या. एकदम पुन्हा गंभीर. "पुढच्या वेळी असं वाटलं, आणि चादरीत काहीच निघालं नाही, आणि गाडी पुन्हा अडली, तर?"

अबोलीनं मालकांकडे पाहिलं. मग तिनं मावशीकडे पाहिलं.

"तरी ओरडेन," ती म्हणाली.

"हं," मेट्रनबाई म्हणाल्या. मालकांकडे वळल्या. "उशीर मी सांभाळते, कपाटात आजच्यापुरत्या चादरी आहेत. या दुपारी पाठवा. आणि एक तारखेपासून सगळे मजले तुमचे."

त्या गेल्या, आणि अंगणात जो कल्ला झाला! गाडीवाला हॉर्न वाजवतोय, बायका एकमेकींच्या गळ्यात पडतायत, धाकट्या मालकांनी हातातली चादर आभाळात उडवली. "अरे मेल्या, धुतलेली आहे ती!" मावशी ओरडली, आणि मग तिला आठवलं, की हे मालक आहेत. मालक हसत चादर झेलायला धावले. मी मावशीला मिठी मारली. मला तिचा इतका अभिमान वाटला, की तिचा चांगला चावा घ्यावासा वाटला.

मग सगळं पुन्हा घडीला घ्यायचं होतं. हात धुऊन सगळ्या टेबलाशी उभ्या राहिल्या. मावशीनं पहिली चादर ओढली. तिला अजून रडू येत होतं, नाक ओढत होती, बडबडत होती, डॉक्टरकडे उद्याच जाते म्हणत होती, आणि घडी घालता घालता तिनं उशाकडची कड सरळ आत दुमडून टाकली.

आम्ही सगळ्यांनी पाहिलं. फौजदाराला कोण बोलणार? एकीनं दुसरीकडे पाहिलं. दुसरीनं टेबलाच्या टोकाकडे पाहिलं.

"थांब!" अबोली म्हणाली. पाठोपाठ बाकीच्या तिघी, दारातून मी आणि मालकसुद्धा, एका सुरात, "थांब!"

आणि माझी मावशी थांबली.